रासायनिक दाहाचे संकेतांकन : एका वर्गीकरणाची चिकित्सा

‘रोगांचे आंतरराष्ट्रीय वर्गीकरण’ हा ग्रंथ रुग्णालयाच्या नोंदणी विभागात वापरला जातो. भाषेच्या किंवा समाजशास्त्राच्या अभ्यासकाने तो वाचावा, अशी अपेक्षा सहसा कोणी करीत नाही. तथापि जेफ्री बोकर व सुसान ली स्टार यांनी १९९९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘सॉर्टिंग थिंग्ज आउट’ या ग्रंथात याच वर्गीकरणाचा विस्ताराने विचार केला आणि वर्गवारी ही तटस्थ कृती नसते, हे दाखविले. त्या दृष्टीने या वर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीतील रासायनिक दाहाविषयीच्या नोंदी तपासण्याचा प्रयत्न प्रस्तुत लेखात केला आहे.

जागतिक आरोग्य सभेने १९९० मध्ये मान्य केलेली ही आवृत्ती १९९४ पासून वापरात आली. तीत टी२० ते टी३२ हा गट ‘दाह व क्षरण’ यांचा आहे. उष्णतेने झालेली इजा म्हणजे दाह आणि रसायनाने झालेली इजा म्हणजे क्षरण, असा हा भेद आहे. क्षरण हा शब्द आपण एरवी धातूंसाठी वापरतो. मराठी बोलीला हा भेद फारसा ठाऊक नाही. तव्याने हात पोळतो आणि विड्यातील चुना जास्त झाला तर तोंडही पोळतेच. परंतु येथे ग्रंथाचा भेद आपल्या बोलीपेक्षा अधिक सयुक्तिक आहे, हे मान्य केले पाहिजे. तापलेली वस्तू दूर करून भाग थंड केला की उष्णतेची क्रिया थांबते. रसायन मात्र धुऊन निघेपर्यंत ऊतींवर काम करीतच राहते. त्यामुळे पहिल्या तपासणीत नोंदविलेली ‘द्वितीय श्रेणी’ पुढे अधिक खोल ठरू शकते.

ही सूक्ष्मता सर्वत्र टिकलेली नाही. नवव्या आवृत्तीत डोळ्याच्या पारपटलाचा अल्कलीने झालेला दाह (९४०.२) आणि आम्लाने झालेला दाह (९४०.३) स्वतंत्र होते. दहाव्या आवृत्तीत दोहोंसाठी टी२६.६ हा एकच संकेतांक आहे. अल्कली ऊती विरघळवीत डोळ्यात खोलवर जाते, तर आम्लाने गोठलेली प्रथिने त्याच्या वाटेत काही प्रमाणात अडथळा करतात. नेत्रतज्ज्ञाच्या दृष्टीने हा भेद कळीचा आहे. टी५४ या गटात आम्ल व अल्कली वेगळी नोंदविता येतात हे खरे. पण त्यासाठी दुसरा संकेतांक लिहावा लागतो, आणि तो लिहिला जाईलच असे नाही.

याहून गंभीर प्रश्न व्याप्तीचा आहे. टी३२ मध्ये क्षरणाची व्याप्ती शरीराच्या पृष्ठभागाच्या टक्केवारीने मोजली जाते. प्रौढ व्यक्तीसाठीच्या ‘नऊच्या नियमा’नुसार संपूर्ण डोके व मान मिळून पृष्ठभागाचा ९ टक्के भाग होतो. म्हणजे ज्या स्त्रीचा सारा चेहरा अॅसिडने नष्ट झाला, तिची नोंद टी३२.० या, ‘१० टक्क्यांहून कमी’ अशा सर्वांत खालच्या पायरीवर होईल. भाजलेल्या रुग्णाला किती द्रव द्यावे हे ठरविण्यासाठी टक्केवारी उपयुक्त आहे. पण जे हरवले त्याचे मोजमाप ती करू शकत नाही. स्थानदर्शक संकेतांक ही उणीव भरून काढील म्हणावे, तर टी२० मध्ये टाळू, कान, ओठ, नाक आणि मान एकाच वर्गात येतात. चेहऱ्याला स्वतंत्र वर्गच नाही!

भारतीय कायदा याच ठिकाणी वेगळ्या नजरेने पाहतो. २०१३ मध्ये भारतीय दंड संहितेत समाविष्ट झालेले कलम ३२६ अ विद्रूपता आणि अपंगत्व यांना महत्त्व देते, टक्केवारीला नाही. १ जुलै २०२४ पासून त्याची जागा भारतीय न्याय संहितेच्या कलम १२४ ने घेतली. अॅसिड फेकण्याचा केवळ प्रयत्नही तेथे शिक्षापात्र आहे. २०१६ च्या दिव्यांग व्यक्ती हक्क कायद्याने अॅसिडहल्ल्यातील पीडितांचा समावेश दिव्यांगत्वाच्या प्रकारांत केला.

हेतूच्या नोंदीचे काय? दहाव्या आवृत्तीत ‘क्षारक पदार्थाने हल्ला’ यासाठी एक्स८६ हा संकेतांक आहे. परंतु तो बाह्य कारणांच्या वेगळ्या प्रकरणात आहे. अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू झालेल्या सुधारित आवृत्तीत हेतू टी५४ च्याच सहाव्या स्थानावर नोंदविला जातो. पण तेथील मार्गदर्शक सूचना अशी की, केसपेपरवर हेतूचा उल्लेख नसेल तर घटना अपघाती समजावी; हेतू ठरविता येत नाही असे स्पष्ट लिहिले असेल तरच ‘अनिर्धारित’ म्हणावे. येथे मौनाला अर्थ दिला गेला आहे, आणि तो एकाच दिशेचा आहे. सासरची माणसे खाटेजवळ उभी असताना जी स्त्री काही बोलत नाही, तिचे न बोलणे ‘अपघात’ म्हणून आकडेवारीत जमा होते. त्याच आकडेवारीवरून पुढे कोणी निष्कर्ष काढील की अशा घटना बव्हंशी घरगुती निष्काळजीपणाच्या असतात. संडास साफ करण्याच्या अॅसिडने खरोखरच अपघात होतात, हे नाकारण्याचे कारण नाही. आक्षेप एवढाच की, अज्ञात आणि अपघाती यांतील भेद या नियमाने पुसला जातो.

१ जानेवारी २०२२ पासून अमलात आलेल्या अकराव्या आवृत्तीत इजा, हेतू आणि साधन यांचे संकेतांक एकत्र जोडता येतात. ही रचना निश्चितच अधिक समर्थ आहे. मात्र संकेतांकन करणारा लिपिक रुग्णाला पाहत नाही; त्याच्यासमोर फक्त कागद असतो. आणि त्या कागदावर ‘अॅसिड अंगावर सांडले’ एवढेच लिहिलेले असेल, तर कोणी सांडले हे कोणतीही आवृत्ती त्याला सांगू शकत नाही.