‘विरेचन’ की निवळणे? एका ग्रीक शब्दाची मराठीतली वाट



सिंधुदुर्गनगरीत ग्रीक भाषेवर बोलायचं ठरल्यावर पहिला प्रश्न आम्हाला सभागृहाच्या दारातच विचारला गेला. ‘सर, ग्रीकमध्ये ओरोस म्हणजे डोंगर ना? मग आपलं ओरोस?’ विचारणाऱ्या गृहस्थांनी फोनवर शोधलं होतं, आणि शोधलेलं चूक नव्हतं. ग्रीकमध्ये ‘ओरोस’ म्हणजे डोंगर खराच. गंमत म्हणजे तिथे आणखी एक ‘ओरोस’ आहे. जुना उच्चार ‘होरोस’. शेताची हद्द, हद्दीचा दगड, हा त्याचा अर्थ. त्यावरून तर्कशास्त्रात ‘व्याख्या’, आणि आजच्या ग्रीकमध्ये ‘पारिभाषिक संज्ञा’. म्हणजे आज ओरोसला बसून आपण एका ‘ओरोस’वर बोलणार आहोत. पण एवढंच. आपल्या गावाच्या नावाचा त्याच्याशी काही संबंध नाही.

अशी हौस आपल्या किनाऱ्यावर जुनी आहे. इसवी सनाच्या पहिल्या शतकातलं ‘पेरिप्लस’ नावाचं ग्रीक पुस्तक आहे, व्यापारी जहाजांसाठी लिहिलेलं. त्यात कोकणच्या बंदरांची यादी येते आणि त्या यादीत ‘बिझान्तिऑन’ असं एक नाव आहे. काहींनी ते विजयदुर्ग मानलं. जागा तीच असेलही, त्याला वेगळे पुरावे द्यावे लागतील. पण ‘बिझान्त’ आणि ‘विजय’ हे कानाला जवळचे वाटतात, हा पुरावा नव्हे. त्या किल्ल्याचं नाव आधी घेरिया होतं. विजयदुर्ग हे नाव शिवकाळातलं, पेरिप्लसनंतर सोळाशे वर्षांनी आलेलं. शब्द कुठून निघाला, कोणाच्या तोंडून आला, वाटेत कुठे थांबला, हे दाखवावं लागतं. नाहीतर नुसती करमणूक.

तर एका शब्दाची वाट आज बघू. शब्द आहे ‘कॅथार्सिस’.

हाच शब्द का? कारण तो मराठीत आणण्याच्या कामात याच जिल्ह्यातल्या एका माणसाचा मोठा हात आहे. विंदा करंदीकर देवगड तालुक्यातल्या धालवलीचे. १९१८ साली जन्मले तेव्हा तो रत्नागिरी जिल्हा होता, सिंधुदुर्ग १९८१मध्ये वेगळा झाला. त्यांचं ‘ॲरिस्टॉटलचे काव्यशास्त्र’ १९५७ साली आलं. कविता वाचणारे विंदांकडे कवी म्हणून बघतात ते योग्यच, पण तत्त्वज्ञानाच्या आमच्यासारख्या विद्यार्थ्याला त्यांनी दिलेली ही भेट लहान नव्हती. ॲरिस्टॉटलचा युक्तिवाद मराठी वाक्यात उभा राहू शकतो, त्यासाठी मराठीने इंग्रजीचा टेकू घेऊन उभं राहायची गरज नाही, हे त्या पुस्तकाने आम्हाला पहिल्यांदा दाखवलं.

मर्यादाही सांगितली पाहिजे. विंदा इंग्रजीचे प्राध्यापक, आणि ॲरिस्टॉटलकडे जायची मराठीची वाट तेव्हा इंग्रजीतूनच होती. आजही बहुतांशी तीच आहे. साधा पुरावा: आपण ‘कॅथार्सिस’ म्हणतो. ग्रीकमध्ये तो ‘काथार्सिस’. तो ‘कॅ’ आपल्याला लंडनने दिला.

आता ॲरिस्टॉटल म्हणतो काय? ‘काव्यशास्त्रा’च्या सहाव्या प्रकरणात शोकात्मिकेची व्याख्या आहे. व्याख्येच्या शेवटी तो म्हणतो, की करुणा आणि भीती यांच्या द्वारा ती त्या प्रकारच्या भावनांचं काथार्सिस घडवते. बस्स. पुढे स्पष्टीकरण नाही. त्याच्या ‘राज्यशास्त्रा’च्या आठव्या भागात संगीताविषयी बोलताना तो हाच शब्द वापरतो आणि म्हणतो, याचं नीट विवेचन काव्याच्या चर्चेत करू. ते विवेचन आपल्या हाती आलेलं नाही. एका न सांगितलेल्या शब्दावर युरोपात ग्रंथांचे डोंगर उभे राहिले. (हे मात्र खरे ‘ओरोस’!)

मराठी समीक्षेत या शब्दासाठी शुद्धीकरण, भावशुद्धी असे शब्द आले, पण जम बसला तो ‘विरेचना’चा. ‘विरेचन’ आयुर्वेदातलं, पंचकर्मांपैकी एक. पोट साफ करणं. हा अर्थ कोणी हवेतून काढला नाही. १८५७ साली याकोब बेर्नायस या जर्मन पंडिताने जोरात मांडणी केली, की काथार्सिस हा वैद्यकातला शब्द आहे, साठलेल्या भावनांचा निचरा असा त्याचा अर्थ. ॲरिस्टॉटलचे वडील मॅसिडोनियाच्या राजदरबारी वैद्य होते, आणि ‘राज्यशास्त्रा’तल्या त्या उताऱ्यात औषधोपचाराची उपमा आहेच. बेर्नायसच्या आधी लेसिंगने नैतिक शुद्धीचा अर्थ लावला होता, तो मागे पडला. इंग्रजीत निचऱ्याची बाजू वरचढ झाली आणि तिथून मराठीत एरंडेल आलं.

एरंडेल हा शब्द आम्ही मुद्दाम वापरतो, कारण वर्गात आम्ही तोच वापरायचो. तीस-एक वर्षं. ‘एरंडेल घेतलं की सकाळी जे होतं, ते नाटकाने मनाचं होतं.’ मुलं हसायची, आम्हाला बरं वाटायचं. एका वर्षी मागच्या बाकावरची एक मुलगी, बोलण्यात पुरती मालवणी, उभी राहिली. तिने विचारलं, की दशावतारात हरिश्चंद्र-तारामती बघितलं की ‘माका रडाक येता’, पण घरी आल्यावर तारामतीबद्दलची माया कमी होत नाही, वाढते. मग बाहेर पडलं ते काय? आम्ही काय केलं असेल? आधी तिला प्रमाण मराठीत प्रश्न पुन्हा विचारायला लावलं. मग सांगितलं, परीक्षेत ‘विरेचन’ लिहायचं. ती बसली. त्यानंतर तिने वर्गात काही विचारल्याचं आम्हाला आठवत नाही.

तिचा प्रश्न बरोबर होता. निवृत्तीनंतर आम्ही ग्रीक व्याकरणाची पुस्तकं घेऊन बसलो, साठी उलटल्यावर क्रियापदं पाठ करणं म्हणजे काय ते विचारू नका. तेव्हा कळलं, की ‘काथार्सिस’च्या मुळाशी ‘काथारोस’ हे साधं विशेषण आहे, आणि ते वैद्याच्या पेटीत जन्मलेलं नाही. गाळ-शेवाळ नसलेलं पाणी काथारोस. पाखडलेलं धान्य काथारोस. अडथळे काढलेली मोकळी जागा काथारोस. ज्याच्यातून नीट दिसतं, ते काथारोस. १९६२मध्ये लिऑन गोल्डन यांनी आणि १९८६मध्ये मार्था नुसबॉम यांनी याच धाग्याने काथार्सिसचा अर्थ लावला: भावना बाहेर टाकणं नव्हे, भावनेतून आणि भावनेबद्दल स्पष्ट दिसू लागणं. त्याही आधी, १९५७मध्ये, म्हणजे विंदांचं पुस्तक आलं त्याच वर्षी, जेराल्ड एल्स यांचा मोठा ग्रंथ निघाला. त्यांचं म्हणणं, काथार्सिस प्रेक्षकाच्या पोटात होतच नाही. ते कथानकात, घडलेल्या कृत्याचं होतं. यातलं काहीही आम्ही त्या मुलीला सांगितलं नव्हतं, कारण आम्ही वाचलेलं नव्हतं.

बरं, हा शब्द आज ग्रीसमध्ये काय करतो? तो जिवंत आहे. अथेन्समध्ये कपडे धुऊन-इस्त्री करून देणाऱ्या दुकानाची पाटी असते ‘कथारिस्तीरिओ’. साफसफाई करणारी बाई ‘कथारिस्त्रिया’. १९८९ साली तिथे मोठा आर्थिक घोटाळा गाजला आणि सरकार बदललं, तेव्हा राजकारणातली घोषणा होती ‘काथार्सी’. भ्रष्टाचाराचा कचरा काढा. शोकात्मिकेसाठीचा ‘त्रागोदिया’ हा शब्द तर घसरत घसरत ‘त्रागूदी’ झाला आणि त्याचा अर्थ नुसतं ‘गाणं’ झाला. आणि ‘मेताफोरा’? रूपक म्हणून आपण जो शिकवतो, तो शब्द तिथे सामान हलवणाऱ्या ट्रकवर लिहिलेला असतो. ग्रीक लिखाणाचा सर्वांत जुना पुरावा म्हणजे मातीच्या पाट्या, सुमारे साडेतीन हजार वर्षांपूर्वीच्या. त्यांची लिपी मायकेल व्हेंट्रिस यांनी १९५२मध्ये उलगडली. तिथपासून हाच प्रवाह ट्रकपर्यंत येतो.

पण याच ‘काथारोस’ने त्या देशाला शतकाहून अधिक काळ छळलंही. तुर्कांच्या राज्यातून ग्रीस सुटला तेव्हा विद्वानांना वाटलं, लोकांची बोली बाटलेली आहे. तुर्की, इटालियन, स्लाव्ह शब्द शिरलेत. पॅरिसमध्ये राहणारे आदामांतिओस कोराइस यांनी मधला मार्ग सुचवला होता. त्यातून जी राजभाषा उभी राहिली तिचं नाव ‘कथारेव्हुसा’. शुद्ध होत जाणारी, असा त्याचा अर्थ. पुन्हा तोच धातू. लोक पावाला ‘प्सोमी’ म्हणत, कागदावर ‘आर्तोस’ लिहायचं. पाण्याला ‘नेरो’ म्हणत, लिहायचं ‘हीदोर’. १९०१मध्ये एका वृत्तपत्राने मॅथ्यूच्या शुभवर्तमानाचं बोलीतलं भाषांतर छापलं, आलेक्सांद्रोस पालिस यांचं. अथेन्समध्ये दंगल झाली, आठ माणसं मेली, पंतप्रधानांना जावं लागलं. भाषांतरासाठी! १९६७ ते १९७४च्या लष्करी राजवटीने कथारेव्हुसाचा इतका उदोउदो केला की राजवट पडल्यावर १९७६मध्ये शिक्षणाची भाषा म्हणून लोकबोली, म्हणजे ‘दिमोतिकी’, आली. १९८२मध्ये जुनी स्वरचिन्हंही काढून एकच ठेवलं. आजही बेकरीच्या पाटीवर तो जुना ‘आर्तोस’ दिसतो. आत जाऊन लोक ‘प्सोमी’ मागतात.

आपल्याकडे असं माणसं मरण्यापर्यंत गेलं नाही. विंदांनी ज्ञानेश्वरांच्या ‘अमृतानुभवा’चं अर्वाचीन मराठी केलं. पालिसनी केलं तेच हे, पवित्र जुना मजकूर आजच्या बोलण्यात आणणं. कोणी दगड मारला नाही. पण शुद्धीचा सोस आपल्यालाही आहे. शिवकाळात ‘राज्यव्यवहारकोश’ झाला, फारसी शब्दांना संस्कृत पर्याय देणारा. रत्नागिरीच्या स्थानबद्धतेत सावरकरांनी भाषाशुद्धीचं आंदोलन चालवलं. त्यातले ‘दिनांक’, ‘महापौर’ राहिले, ते सोयीचे होते म्हणून. आम्ही त्यांना नावं ठेवत नाही. आमची तक्रार वेगळी आहे आणि ती आमच्याच धंद्याविरुद्ध आहे. परदेशी संकल्पना आली की आम्ही प्राध्यापक मंडळी तिच्यासाठी आधी संस्कृत कोश उघडतो. घरात शब्द आहे का, हे नंतरही बघत नाही. ३ ऑक्टोबर २०२४ला मराठीला अभिजात दर्जा मिळाल्यापासून तर हा सोस वाढेल अशी भीती वाटते.

कारण ‘काथार्सिस’साठी घरात शब्द आहे. ‘निवळणे’. पावसाळ्यात विहिरीचं गढूळ पाणी भांड्यात ठेवलं की निवळतं. पूर्वी त्यात निवळीचं बी उगाळून टाकत. गाळ खाली बसतो, तळ दिसायला लागतो. आभाळ निवळतं. ताप आल्यावर लाल झालेले डोळे निवळतात. मन निवळतं. यात पाणी फेकून द्यावं लागत नाही, हे लक्षात घ्या. ‘विरेचना’त करुणा बाहेर जाते. ‘निवळण्या’त करुणा राहते, तिच्यातला गढूळपणा खाली बसतो. तारामतीबद्दलची माया राहिली आणि तरी मन हलकं झालं, हे त्या मुलीचं म्हणणं या शब्दात मावतं. एल्स यांचा अर्थ घेतला तरी अडत नाही, कारण मराठीत परिस्थितीही निवळते, तणावही निवळतो. भावना आणि प्रसंग दोन्हींना लागू पडणारं क्रियापद ‘विरेचन’वाल्यांकडे नाही.

अडचणी आहेत, त्या लपवत नाही. पहिली, ‘राज्यशास्त्रा’तली उपचाराची उपमा. तिथे ‘निवळणे’ जरा सौम्य पडतं. बेर्नायसचा माणूस तिथे आम्हाला पकडेल. दुसरी, सतराव्या प्रकरणात ओरेस्तेसच्या संदर्भात काथार्सिस पुन्हा येतं आणि तिथे ते धार्मिक विधी आहे, मातृहत्येचा विटाळ काढणं. तिथे ‘शुद्धी’च लिहावं लागेल. एका ग्रीक शब्दाला सगळीकडे एकच मराठी शब्द हवा, हा हट्ट आम्ही सोडला आहे.

आणि करुणा? व्याख्येतला तो शब्द ‘एलेओस’. तो आपल्या किनाऱ्यावर कित्येक पिढ्या गायला गेला. मालवण-सावंतवाडीकडच्या इगर्जीत १९६०च्या दशकापर्यंत मिस्सा लॅटिनमध्ये होई, पण तिच्यात ‘किरिए एलेइसोन’ एवढे शब्द ग्रीकच राहिले होते. प्रभू, दया कर. त्यातली दया म्हणजे हाच ‘एलेओस’. ‘इगर्ज’ हा शब्दही पोर्तुगीजांकडून लॅटिनमार्गे ग्रीक ‘एक्लेसिया’पर्यंत जातो, म्हणजे सभा. अशी वाट दाखवता येते तेव्हा नातं मान्य करायला आमची ना नाही. दारातल्या गृहस्थांना ओरोसच्या बदल्यात हे घेऊन जाता येईल.

विंदांच्या पुस्तकाच्या आमच्या प्रतीत सहाव्या प्रकरणाच्या समासात पूर्वी कधीतरी शाईने ‘एरंडेल’ लिहिलेलं आहे, वर्गात सांगायची आठवण म्हणून. त्याच्याखाली आता पेन्सिलीने ‘निवळणे?’ आहे. प्रश्नचिन्ह तसंच ठेवलंय. ज्यांना ‘विरेचन’च योग्य वाटतं त्यांनी आता बोलावं. आणि कृपा करून ज्या बोलीत सुचेल त्या बोलीत बोला.