भक्ती बर्वे यांचा वाचिक अभिनय : प्रमाण मराठी आणि बोलीचा प्रश्न

प्रस्तावना

मराठी रंगभूमीच्या इतिहासात काही अभिनेत्रींची नावे एखाद्या भूमिकेशी कायमची जोडली गेली आहेत. भक्ती बर्वे (१९४८-२००१) हे त्यांपैकी एक ठळक नाव होय. ‘ती फुलराणी’ आणि भक्ती बर्वे हे समीकरण रसिकांच्या मनात इतके पक्के झाले आहे, की त्यांच्या उर्वरित कारकिर्दीकडे त्या भूमिकेची पूर्वतयारी किंवा तिचा उत्तरार्ध म्हणूनच पाहिले जाते. या समीकरणाने त्यांच्या लौकिकात भर पडली. त्यांच्या अभिनयाच्या चिकित्सेत मात्र अडथळा निर्माण झाला. ‘अवखळ’, ‘चैतन्यमय’, ‘खट्याळ’ अशा विशेषणांपलीकडे ही चिकित्सा फारशी गेलेली दिसत नाही.

आकाशवाणी, दूरदर्शन आणि रंगभूमी या तिन्ही माध्यमांत भक्ती बर्वे यांचे मुख्य साधन ‘वाणी’ हेच होते. या वाणीचा प्रमाण मराठीशी आणि बोलीशी असलेला संबंध तपासणे, हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. धाराशिव जिल्ह्यातील मराठीच्या अध्यापकांच्या दृष्टीने हा प्रश्न केवळ नाट्येतिहासाचा नाही. येथील महाविद्यालयात प्रवेश घेणारा विद्यार्थी ‘काय करायलास?’ असे विचारणारी भाषा घेऊन येतो आणि ‘काय करतो आहेस?’ ही भाषा शिकून बाहेर पडावा, अशी त्याच्याकडून अपेक्षा असते. या प्रवासात त्याला काय मिळते आणि त्याच्याकडून काय काढून घेतले जाते, हाच ‘ती फुलराणी’चाही मध्यवर्ती प्रश्न आहे.

वाणीची जडणघडण

भक्ती बर्वे यांचा जन्म १० सप्टेंबर १९४८ रोजी सांगली येथे झाला. ज्या सांगलीत विष्णुदास भावे यांनी १८४३ मध्ये ‘सीता स्वयंवर’ सादर केले, तेच हे गाव. परंतु त्यांची रंगभूमीवरील घडण झाली ती मुंबईत, सुधा करमरकर यांच्या ‘लिटल थिएटर’ या बालरंगभूमीवर. बालप्रेक्षक हा अत्यंत कठोर परीक्षक असतो. शब्द नीट ऐकू आला नाही, की तो क्षणात चुळबुळ करू लागतो. स्पष्ट उच्चार, शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचणारा आवाज आणि वाक्यागणिक बदलणारा सूर ही गुणत्रयी अशा प्रेक्षकांसमोर वाढलेल्या कलावंताच्या अंगी सहज मुरते.

पुढे मुंबई आकाशवाणीवर निवेदनाचे काम त्यांनी केले. २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झाल्यानंतर तेथील वृत्तनिवेदिका म्हणूनही त्या परिचित झाल्या. याच केंद्रावर बातम्या वाचणाऱ्या स्मिता पाटील यांचा पुढील मार्ग चित्रपटाकडे गेला. भक्ती बर्वे यांचा रंगभूमीकडे. हा फरक लक्षणीय आहे. चित्रपटात कॅमेरा नटाच्या चेहऱ्याजवळ जाऊ शकतो; रंगमंचावर मात्र नटालाच आपल्या वाणीने प्रेक्षकापर्यंत जावे लागते.

वृत्तनिवेदनाची भाषा ही कोणत्याही गावाची नसलेली भाषा असते. तिच्यातून निवेदकाचा प्रदेश, जात, घर काहीच ऐकू येऊ नये, असा संकेत असतो. प्रत्यक्षात मात्र ही ‘निर्गावी’ भाषा एका विशिष्ट परिसराच्या आणि वर्गाच्या बोलण्याला अधिक जवळची असते. दूरदर्शनचे प्रक्षेपण प्रारंभीच्या वर्षांत मुंबई-पुणे परिसरापुरते मर्यादित होते, आणि मराठवाड्याच्या बहुतांश घरांत ते १९८० च्या दशकात पोहोचले, ही गोष्टही येथे ध्यानात घ्यावयास हवी. शुद्ध उच्चाराचा नमुना म्हणून जो आवाज महाराष्ट्रासमोर ठेवला गेला, त्याच्या घडणीत मराठवाड्याचा वाटा नव्हता. भक्ती बर्वे यांनी ही भाषा पूर्णपणे आत्मसात केली होती, आणि ज्या भूमिकेने त्यांना कीर्ती दिली ती भूमिका याच भाषेच्या वर्चस्वाला प्रश्न विचारणारी होती. त्यांच्या कारकिर्दीतील हा अंतर्विरोध अभ्यासकांनी दुर्लक्षिला आहे.

‘ती फुलराणी’ : उच्चाराचे राजकारण

जॉर्ज बर्नार्ड शॉ यांचे ‘पिग्मॅलियन’ १९१३ मध्ये प्रथम रंगमंचावर आले. त्यावर आधारित ‘माय फेअर लेडी’ ही संगीतिका १९५६ मध्ये न्यूयॉर्क येथे सादर झाली आणि १९६४ मध्ये तिचा चित्रपट झाला. पु. ल. देशपांडे यांनी केलेले मराठी रूपांतर ‘ती फुलराणी’ या नावाने १९७५ मध्ये रंगभूमीवर आले. प्राध्यापक अशोक जहागीरदारांची भूमिका सतीश दुभाषी यांनी आणि फुले विकणाऱ्या मंजुळा साळुंकेची भूमिका भक्ती बर्वे यांनी केली. पु. ल. स्वतः आकाशवाणी आणि दूरदर्शन या दोन्ही माध्यमांत काम केलेले लेखक होते. ध्वनिक्षेपकासमोर कोणता उच्चार ‘चालतो’ आणि कोणता ‘चालत नाही’, याची त्यांना आतून जाण होती.

रूपांतरातील खरी अडचण भाषांतराची नव्हती, समाजरचनेची होती. इंग्रजीत ‘ह’चा लोप किंवा स्वरांचा विशिष्ट उच्चार माणसाचा वर्ग उघड करतो. मराठीत ‘ण’च्या जागी ‘न’ आला, की ऐकणाऱ्याच्या मनात वर्गाबरोबरच जात आणि प्रदेशही उभा राहतो. ‘जहागीरदार’ आणि ‘साळुंके’ ही आडनावे या दृष्टीने बोलकी आहेत. ‘मंजुळा’ या नावातही मार्मिक उपरोध आहे. जिचा उच्चार प्राध्यापकाच्या कानांना सहन होत नाही, तिच्या नावाचा अर्थच ‘गोड आवाजाची’ असा आहे.

अशा नाटकात मोठा धोका असतो. बोली बोलणारे पात्र हे हशा मिळविण्याचे हुकमी साधन ठरू शकते. मराठी रंगभूमीवर मोलकरीण, गडी, हवालदार यांच्या तोंडी बोली घालून पांढरपेशा प्रेक्षकाला हसविण्याची परंपरा जुनी आहे. मंजुळा त्या रांगेत सहज जाऊन बसली असती. ती तशी बसली नाही, याचे श्रेय संहितेइतकेच भक्ती बर्वे यांच्या वाचिक अभिनयाला द्यावे लागते.

याचे उत्तम उदाहरण म्हणजे मास्तरावर सूड उगवण्याची स्वप्ने रंगविणारे मंजुळाचे प्रसिद्ध स्वगत. शॉ यांच्या मूळ नाटकात असे स्वगत नाही. त्याचे नाते संगीतिकेतील एका गीताशी आहे. भक्ती बर्वे यांच्या सादरीकरणात या स्वगताची लय, पट्टी आणि देहबोली विलक्षण वेगाने बदलते. येथे लक्षात घेण्याजोगी गोष्ट अशी, की शिकवणीत अडखळणारी, चुकणारी, गप्प होणारी मंजुळा एकटी असताना मुळीच अडखळत नाही. स्वतःच्या भाषेत ती राणी आहे. तिच्याकडे कल्पनाशक्ती आहे, विनोदबुद्धी आहे, युक्तिवाद आहे आणि शब्दांचा तुटवडा तर नाहीच. भाषेचा अभाव हे मंजुळाचे दुखणे नसून, तिच्या भाषेला ऐकणारा माणूस नसणे हे तिचे दुखणे आहे, हे अभिनेत्री कोणतेही भाष्य न करता केवळ वाणीच्या प्रवाहीपणातून सिद्ध करते.

याउलट, प्रमाण उच्चार शिकल्यानंतरची मंजुळा अधिक नियंत्रित होते. ज्या अभिनेत्रीला वृत्तनिवेदनाची भाषा सहज अवगत होती, तिला हे रूपांतर दाखविणे अवघड नव्हते. अवघड होते ते या रूपांतराची किंमत दाखविणे. शिकून झाल्यावर आता मी कुठे जाऊ, हा प्रश्न शॉ यांच्या नाटकाचा गाभा आहे. जुन्या जगात परतता येत नाही आणि नव्या जगात जागा नाही, अशी ती कोंडी आहे. प्रयोग यशस्वी झाल्याचा आनंद प्राध्यापकाचा. त्या यशानंतर उरलेले आयुष्य मात्र मंजुळाचे.

फुलराणीपलीकडे

या सूत्राच्या आधारे त्यांच्या अन्य भूमिकांकडे पाहिले असता त्यांची संगती लागते. दूरदर्शनसाठी झालेल्या ‘बहिणाबाई’ या चित्रपटात त्यांनी बहिणाबाई चौधरी यांची भूमिका केली. बहिणाबाई (१८८०-१९५१) निरक्षर होत्या. त्यांची कविता त्यांच्या निधनानंतर, १९५२ मध्ये आचार्य अत्रे यांच्या प्रस्तावनेसह प्रसिद्ध झाली आणि खानदेशातील बोलीला मराठी कवितेत मानाचे स्थान मिळाले. मंजुळाची बोली ‘सुधारली’ जाते. बहिणाबाईंच्या बोलीला सुधारण्याचे धाडस कोणी करीत नाही, कारण तेथे बोली हेच काव्य आहे. ज्या दूरदर्शनवर प्रमाण भाषेत बातम्या वाचल्या, त्याच दूरदर्शनवर या अभिनेत्रीने बोलीतील सर्वश्रेष्ठ कवयित्री साकारावी, हा योग अर्थपूर्ण आहे.

कुंदन शाह यांच्या ‘जाने भी दो यारों’ (१९८३) या हिंदी चित्रपटातील ‘खबरदार’ नियतकालिकाची संपादिका शोभा सेन ही भूमिका या सूत्राची दुसरी बाजू दाखविते. शोभाची भाषा सुसंस्कृत, आवाज आश्वासक. आणि सत्याच्या नावाने ती करते तो व्यवहार मात्र सौदेबाजीचा. वृत्तनिवेदिकेच्या विश्वासार्ह उच्चाराचाच येथे उपरोधासाठी वापर झाला आहे. शुद्ध उच्चार म्हणजे शुद्ध हेतू नव्हे, हे प्रेक्षकाला हसता हसता उमगते.

अशोक पाटोळे यांच्या ‘आई रिटायर होतेय’ या नाटकात त्यांनी घरकामातून निवृत्ती जाहीर करणारी आई उभी केली. येथेही ज्या स्त्रीचे बोलणे घरात गृहीत धरले गेले, तिचे बोलणे ऐकण्यास भाग पाडणे हाच नाट्याचा गाभा आहे. अजित दळवी लिखित आणि चंद्रकांत कुलकर्णी दिग्दर्शित ‘गांधी विरुद्ध गांधी’ या नाटकात अतुल कुलकर्णी यांच्या गांधींसमोर त्यांनी कस्तुरबा साकारल्या. लेखक व दिग्दर्शक दोघेही औरंगाबादच्या नाट्यचळवळीतून पुढे आलेले असल्याने मराठवाड्याच्या दृष्टीने या प्रयोगाचे वेगळे मोल आहे. पती आणि पुत्र यांच्या संघर्षात सापडलेल्या कस्तुरबांना बोलण्यापेक्षा सोसावे अधिक लागते. वाणी हे ज्यांचे मुख्य साधन, त्या अभिनेत्रीची कसोटी अशा भूमिकेत मौनाच्या जागीच लागते.

१९९० मध्ये त्यांना संगीत नाटक अकादमी पुरस्काराने गौरविण्यात आले. तरीही त्यांच्या कारकिर्दीची एक मर्यादा नोंदविणे आवश्यक आहे. फुलराणीच्या लोकप्रियतेने त्यांना शेवटपर्यंत सोडले नाही. ‘पु. ल., फुलराणी आणि मी’ या त्यांच्या कार्यक्रमाचे शीर्षकच याची साक्ष देते. व्यावसायिक रंगभूमी यशस्वी प्रतिमेची पुनरावृत्ती मागते आणि नव्या भूमिकांचा धोका पत्करण्यास कचरते. १२ फेब्रुवारी २००१ रोजी मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर झालेल्या मोटार अपघातात त्यांचे निधन झाले, तेव्हा त्यांचे वय अवघे बावन्न वर्षांचे होते. प्रौढ वयातील भूमिकांचा एक संपूर्ण टप्पा मराठी रंगभूमीला पाहता आला नाही.

धाराशिवच्या संदर्भात

मंजुळाचे स्वगत महाराष्ट्रभर एकपात्री आणि अभिनय स्पर्धांमध्ये वर्षानुवर्षे सादर होत आले आहे. कळंब, उमरगा किंवा परंडा येथील विद्यार्थिनी जेव्हा ते सादर करते, तेव्हा एक विचित्र गोष्ट घडते. ती स्वतःची बोली बाजूला ठेवते आणि मुंबईतील फुलवालीची, तीही भक्ती बर्वे यांच्या स्वरावलीतील, बोली पाठ करते. स्वतःच्या भाषेत मोकळे होण्याचे स्वगत दुसऱ्याच्या भाषेत घोकले जाते. अनुकरण सहीसही उतरते. नाटकाचा अर्थ निसटतो.

या भूभागाला भाषेचे दारिद्र्य कधीच नव्हते. संत गोरा कुंभार यांचे तेर याच जिल्ह्यात आहे. तुळजापूरचे गोंधळी आणि आराधी यांनी पिढ्यान्‌पिढ्या वाणीच्या बळावरच रात्री जागविल्या. मराठीचे आद्य ग्रंथवैभव गोदावरीच्या खोऱ्यात आणि मराठवाड्यात उभे राहिले. परंतु आधुनिक प्रमाण मराठीची घडण एकोणिसाव्या शतकात ब्रिटिश मुंबई इलाख्यात झाली, तेव्हा हा प्रदेश निजामाच्या राज्यात होता. १९४८ मध्ये हैदराबाद मुक्त झाले, १९५६ मध्ये मराठवाडा द्वैभाषिक मुंबई राज्यात आणि १९६० मध्ये महाराष्ट्रात आला. त्यामुळे प्रमाण भाषा येथे शाळेच्या दारातून, तयार स्वरूपात आली. तिच्या नियमांना येथील कानांची संमती कधी विचारली गेली नाही.

२०१७ मध्ये ९७ वे अखिल भारतीय मराठी नाट्यसंमेलन जयंत सावरकर यांच्या अध्यक्षतेखाली तत्कालीन उस्मानाबाद येथे भरले. २०२३ मध्ये शहराला व जिल्ह्याला ‘धाराशिव’ हे नाव अधिकृतपणे मिळाले. संमेलन येथे आले, नाव परत मिळाले. आता येथील उच्चारालाही रंगमंचावर तेच स्थान मिळावयास हवे.

समारोप

भक्ती बर्वे यांच्या कारकिर्दीचा अर्थ प्रमाण भाषेचा त्याग करा, असा होत नाही. त्यांची स्वतःची शक्ती प्रमाण उच्चारावरील प्रभुत्वातून आलेली होती. विद्यार्थ्याला प्रमाण भाषा नाकारणे म्हणजे त्याला स्पर्धा परीक्षा, न्यायालय आणि वृत्तपत्र यांपासून दूर ठेवणे होय. परंतु जहागीरदारांची चूक उच्चार शिकविण्यात नव्हती. ज्या भाषेत मंजुळा आधीपासून पूर्ण होती, तिला शून्य मानण्यात होती. शिक्षकाच्या जागी उभे राहणाऱ्या प्रत्येकाकडून ही चूक होऊ शकते, आणि बहुधा ती हेतू चांगला असतानाच होते.

म्हणून ‘ती फुलराणी’ वर्गात शिकविताना प्रथम हे स्वगत विद्यार्थिनीला तिच्या स्वतःच्या बोलीत, तिच्या स्वतःच्या शब्दांत रचावयास सांगावे आणि मग संहितेकडे वळावे. भक्ती बर्वे यांची नक्कल त्यातून साधणार नाही. त्यांनी मंजुळाला जे दिले, ते मात्र त्या विद्यार्थिनीला मिळण्याची शक्यता निर्माण होईल.