मिक्सरबरोबरचे वाङ्मय

कथा, कादंबरी, नाटक यांच्यावर समीक्षकांनी गाड्या भरून लिहिले. पण मिक्सरबरोबर फुकट येणाऱ्या माहितीपुस्तिकेकडे कुणी ढुंकून पाहिल्याचे ऐकिवात नाही. मी पडलो बी.कॉम. वाङ्मयातले कळत नाही. पण बारीक टाइपातल्या अटी वाचायची सवय बँकेने लावली आहे. तेवढ्या भांडवलावर हे परीक्षण.

ग्रंथाचा आरंभ ‘अभिनंदन!’ या शब्दाने होतो. पैसे मोजणाऱ्याचेच अभिनंदन करण्याची ही रीत एरवी फक्त मुलीच्या लग्नात दिसते. पुढचे प्रकरण, ‘यंत्र चालत नसल्यास’. पहिला प्रश्न : प्लग लावला आहे का? दुसरा : वीज आहे का? गिऱ्हाइकाच्या अकलेवर इतका अविश्वास तर आमचे कॅशियरही दाखवीत नाहीत!

खरे रहस्य शेवटच्या पानावर, मुंगीच्या अक्षरात. भांड्यात खोबरे ठासून भरले की मोटरवर ताण पडतो आणि वीज आपोआप तुटते. मग मिक्सर थोडा वेळ गार होऊ द्यावा, तळाचे लाल बटण दाबावे. बस्स! एवढे एक वाक्य न वाचल्यामुळे किती मिक्सर पिशवीत बसून दुकानापर्यंत सहल करून आले असतील!

माझा खरा आक्षेप पुढेच आहे. व्हॉल्व्हच्या जुन्या रेडिओच्या पेटीत पुष्कळदा सर्किटचा नकाशाच चिकटवलेला असे. म्हणजे, उघडा आणि दुरुस्त करा. आजची पुस्तिका म्हणते, ‘उघडल्यास वॉरंटी रद्द’. आणि वॉरंटी संपल्यावर? पेढ्याएवढा कपलर मिळत नाही म्हणून धडधाकट मिक्सर माळ्यावर जातो. आमच्या हिशेबात घसारा दरवर्षी थोडा थोडा धरतात. इथे एका दिवसात सगळा!

ही विद्या जुनीच आहे. १९२४ साली बल्बच्या बड्या कंपन्यांनी जिनिव्हात ‘फीबस’ नावाचा संघ काढून बल्बचे आयुष्य हजार तासांवर आणायचे ठरवले. जास्त टिकाऊ बल्ब काढणाऱ्याला चक्क दंड! उलट आपल्या सरकारने २०२२ साली ‘राइट टू रिपेअर’ पोर्टल काढले. दुरुस्तीची आणि सुट्या भागांची माहिती कंपन्यांनी तिथे द्यावी, ही कल्पना नामी आहे.

तेव्हा प्रकाशकांना एकच सूचना. पुढच्या आवृत्तीत लाल बटण पहिल्या पानावर घ्या, कपलर कुठे मिळेल ते दुसऱ्यावर छापा आणि ‘अभिनंदन’ गाळा. मिक्सर दहा वर्षे चालला, तर ते आम्हीच कळवू.