कुकचें गद्य आणि बूव्हेचें बेट

कॅप्टन जेम्स कुक ह्याच्या दुसऱ्या जलपर्यटनाचा वृत्तान्त १७७७ सालीं प्रसिद्ध झाला. साध्या, निर्मळ इंग्रजी गद्याचा उत्तम नमुना म्हणून त्याची वाखाणणी होते, व ती यथार्थ आहे. पाहिलें तेवढेंच सांगावें, तर्क असेल तो तर्क म्हणूनच मांडावा, ही शिस्त त्यांत सहसा मोडत नाहीं. दक्षिण ध्रुवानजीक भूमि असावी असा आपला विश्वास तो बोलून दाखवितो, पण ती पाहिल्याचा आव आणीत नाहीं. ही शिस्त ढळली आहे अशा एका स्थळाचा येथें विचार करावयाचा आहे.

फ्रेंच ईस्ट इंडिया कंपनीच्या वतीनें निघालेल्या बूव्हे द लोझिए ह्यास १ जानेवारी १७३९ रोजीं दक्षिण अटलांटिक महासागरांत एक उंच, हिमाच्छादित किनारा दिसला. धुकें व बर्फ ह्यांनीं त्यास कित्येक दिवस जवळ जाऊं दिलें नाहीं. वळसा घालून पाहणेंही घडलें नाहीं. तरी त्यानें नांव दिलें तें अंतरीपाचें! ख्रिस्ताच्या सुंतेचा सण त्या दिवशीं असल्यामुळें 'सुंतेचें अंतरीप'. अंतरीप म्हटलें कीं पाठीमागें खंड आलाच. जें शोधावयास निघाला तें त्यानें नामकरणांतच पदरांत पाडून घेतलें. शिवाय समुद्रावर रेखांश काढण्याचें भरंवशाचें साधन तेव्हां नव्हतें. त्याचा अक्षांश जवळजवळ बरोबर आला. रेखांश मात्र कित्येक अंश पूर्वेकडे सरकला.

कुकजवळ उत्तम कालमापक होतें, आणि वेल्स हा ज्योतिषी बरोबर होता. (हाच वेल्स पुढें कोलरिजच्या शाळेंत गणित शिकवीत असे. नाविकाच्या सुप्रसिद्ध काव्यांतील बर्फाचा उगम कित्येक ह्या धाग्यांत शोधतात. मला तो धागा फार ताणवत नाहीं.) १७७२-७३ मध्यें व पुन्हां १७७५ मध्यें कुकनें तें अंतरीप धुंडाळलें. अखेर तो लिहितो तें असें: बूव्हेनें दिलेल्या अक्षांशावरून आपण तेरा अंश रेखांश चाललों, भूमि कितीही लहान असती तरी ती दृष्टीआड राहणें जवळजवळ अशक्य होतें, अर्थात् बूव्हेनें पाहिला तो बर्फाचा डोंगर.

वाक्याची चाल इतकी शांत आहे कीं वाचक मान डोलावून पुढें जातो. पण 'आम्हांस सांपडलें नाहीं' आणि 'तेथें नव्हतें' ह्यांमधलें अंतर कुकनें एका उडींत ओलांडलें आहे. बेट त्या तेरा अंशांच्या पट्ट्याच्या पश्चिमेस राहिलें होतें! स्वतःच्या मोजणीविषयीं इतका दक्ष असलेला माणूस दुसऱ्याच्या मोजणीविषयीं बेफिकीर राहिला, आणि ही बेफिकिरी त्याच्या निश्चयी स्वरामुळें झांकली गेली. बूव्हेनें खडकामागें खंड कल्पिला. कुकनें खडकही पुसून टाकला. दोघांच्याही वाक्यांत पुरावा संपला तेथें शब्द थांबलेले नाहींत. फोड केल्यास कुकचा दोष अधिक सूक्ष्म ठरतो, कारण त्याची लेखनशैली अधिक विश्वासार्ह आहे.

बेट आहे तें सुमारें ४९ चौरस किलोमीटर, ज्वालामुखीचें, ९३ टक्के बर्फाखालीं गेलेलें, ७८० मीटर उंच, निर्मनुष्य. १८०८ सालीं तें पुन्हां दिसलें. १८२५ मध्यें नॉरिस ह्या कप्तानानें तेथें उतरल्याचें सांगितलें आणि शेजारीं थॉम्पसन नांवाचें दुसरेंही बेट दाखविलें. १८९८ सालीं 'वाल्डिव्हिया' ह्या जर्मन जहाजानें बूव्हेच्या बेटाचें स्थान नीट ठरविलें; १९२७ मध्यें नॉर्वेनें त्यावर हक्क सांगितला. थॉम्पसन बेट नकाशांवर शंभरांहून अधिक वर्षें राहिलें. त्या जागीं खोल समुद्र आहे.