मॅलिनाबाई आणि त्यांचा प्रेक्षक

प्रेक्षकाला खुर्चींतून उठवून नाटकांत ओढणाऱ्या रंगभूमीचें पाश्चात्त्य देशांत आतां नवल उरलेलें नाहीं. पण तो आंत आल्यावर त्याचें काय करावयाचें, हा प्रश्न मात्र सुटलेला नाहीं. आणि न्यूयॉर्कच्या ज्यूडिथ मॅलिना (१९२६–२०१५) यांच्या कारकीर्दींत तो जितका स्पष्ट दिसतो तितका अन्यत्र क्वचितच दिसेल. जर्मनींत जन्मलेल्या, एर्विन पिस्काटर यांच्या हाताखालीं शिकलेल्या या नटीनें १९४७ सालीं ज्यूलियन बेक यांच्यासह 'लिव्हिंग थिएटर' ही मंडळी काढली.

त्यांचें नांव 'पॅरडाइज नाऊ' या १९६८ च्या प्रयोगाशीं कायमचें जोडलें गेलें आहे. त्यांतील विवस्त्रतेवरून झालेला गहजब व न्यू हेवन येथील अटका आम्हांस गौण वाटतात. आमचा आक्षेप निराळा आहे. आरंभीं नट प्रेक्षकांत शिरत, आणि पासपोर्टावांचून प्रवास करतां येत नाहीं, पैशावांचून जगतां येत नाहीं, असें एकेक गाऱ्हाणें प्रथम हलक्या आवाजांत व शेवटीं किंचाळून मांडीत. कोणी प्रेक्षक उलट बोललाच तर नटानें तें ऐकून घ्यावें, परंतु आपलेंच वाक्य पुन्हां म्हणावें, असा संहितेंतच दंडक होता! घरीं आलेल्या पाहुण्याला 'बोला, बोला' म्हणून आग्रह करावा आणि त्यानें तोंड उघडतांच आपलेंच घोडें पुढें दामटावें, त्यांतलाच हा प्रकार. याला संवाद म्हणणें कठीण.

मौज अशी कीं, प्रेक्षकाला वागवावें कसें हें या बाईंना उत्तम ठाऊक होतें. आदल्याच वर्षीं त्यांनीं ब्रेख्तची 'अँटिगनी' रंगभूमीवर आणली होती. भाषांतर त्यांचें, नायिकाही त्याच, क्रेऑन बेक. रंगमंच म्हणजे थीब्ज आणि समोरचे प्रेक्षक म्हणजे शत्रूचें आर्गोस, एवढीच योजना. प्रेक्षकाला कोणी जाब विचारीत नाहीं. तरी आपण कोणाच्या बाजूचे, हा विचार त्याला चुकवितां येत नाहीं. शेवटीं टाळ्या पडूं लागल्या कीं सारे नट भयभीत होऊन मागें सरत. नटाला टाळीची भूक किती असते हें आपल्याकडे 'वन्स मोर'च्या काळापासून सर्वांस ठाऊक आहे. तीच टाळी येथें चालून येणाऱ्या सैन्याचा आवाज होते, आणि ती वाजविणारा गृहस्थ नकळत नाटकांतील पात्र होऊन बसतो. 'पॅरडाइज नाऊ'च्या साऱ्या आरडाओरडींत याच्या तोडीचा एक क्षणही आम्हांस आढळत नाहीं.

१९६३ सालची एक गोष्ट येथें नमूद केली पाहिजे. 'द ब्रिग' या लष्करी तुरुंगावरील नाटकाचे प्रयोग चालू असतां करबाकीपायीं सरकारनें मंडळीचें नाट्यगृह ताब्यांत घेतलें. तरीही शेवटचा प्रयोग झालाच, आणि तो पाहावयास लोक छपरांवरून, खिडक्यांतून आंत उतरले. पुढें २००७ सालीं, वयाच्या ऐंशी वर्षांनंतर, न्यूयॉर्कमध्यें नवें नाट्यगृह उघडतांना मॅलिनाबाईंनीं निवडलें तें हेंच नाटक. 'पॅरडाइज नाऊ' नव्हे.