जेफ्री वॉर्ड : आवाज दुसऱ्याचा, शब्द आपले

आज ज्या लेखकाबद्दल बोलायचं आहे, त्याचं नाव आपल्यातल्या बहुतेकांनी ऐकलेलं नसेल. त्याची वाक्यं मात्र पुष्कळांनी ऐकलेली आहेत. केन बर्न्सचे माहितीपट आठवा. जुना फोटो पडद्यावर सावकाश सरकतो आणि त्यावर एक शांत आवाज बोलत राहतो. 'द सिव्हिल वॉर'मध्ये तो आवाज डेव्हिड मॅककला यांचा, 'द व्हिएतनाम वॉर'मध्ये पीटर कायोटी यांचा. शब्द मात्र जेफ्री सी. वॉर्ड यांचे, कुठे सहलेखकांबरोबर, कुठे एकट्याचे.

इतिहास टीव्हीवर म्हटलं की आपल्याला 'भारत एक खोज' आठवतं. तिथे शिवाजी महाराज म्हणून नसीरुद्दीन शाह समोर उभे राहतात, संवाद बोलतात. वॉर्ड यांच्याकडे ही सोय नाही. फोटो, पत्रं, डायऱ्या, जाणकारांच्या मुलाखती, आणि या सगळ्यांना बांधून ठेवणारं निवेदन. ते निवेदन कानाने एकदाच ऐकायचं असतं. मागचं पान उलटता येत नाही. म्हणून वाक्य छोटं, क्रियापद ठळक, विशेषणं जवळपास नाहीत. आणि कुठे गप्प बसायचं हेही कळावं लागतं. 'द सिव्हिल वॉर'च्या पहिल्या भागाच्या शेवटी सलिव्हन बलू या सैनिकाचं बायकोला लिहिलेलं पत्र येतं. तो १८६१च्या बुल रनच्या लढाईत गेला. पत्र वाचलं जातं तेव्हा निवेदक मध्ये बोलत नाही. असं गप्प बसणं हेही लेखनच आहे.

वॉर्ड मुळात 'अमेरिकन हेरिटेज' मासिकाचे संपादक आणि फ्रँकलिन रूझवेल्ट यांचे चरित्रकार. लहानपणी त्यांना स्वतःला पोलिओ झाला होता. त्यामुळे 'द रूझवेल्ट्स'मध्ये (२०१४) ते कॅमेऱ्यासमोर येऊन रूझवेल्टच्या आजाराबद्दल बोलतात, तेव्हा ते पुस्तकी वाटत नाही. (जाता जाता : त्यांच्या मुलपणाची काही वर्षं दिल्लीत गेली, आणि पुढे पत्नीबरोबर त्यांनी भारतातल्या वाघांवर पुस्तकही लिहिलं.)

एका माणसाच्या आयुष्यातून अख्खा काळ दाखवणं ही त्यांची खरी ताकद. ती पूर्ण दिसते जॅक जॉन्सनवरच्या कामात. जॉन्सन हा पहिला कृष्णवर्णीय हेवीवेट जगज्जेता. १९१० साली रीनो इथे त्याने जिम जेफ्रीजला हरवलं आणि अमेरिकेत ठिकठिकाणी दंगली उसळल्या. १९१३ साली त्याला मॅन कायद्याखाली दोषी ठरवलं गेलं. इथे माणूस आणि व्यवस्था वेगळे काढताच येत नाहीत, त्यामुळे वॉर्ड यांची लेखणीही कुणाला सुटू देत नाही.

आता आमची तक्रार. विषय एका माणसात मावत नाही, तेव्हा हाच शांत आवाज निवाडा करून मोकळा होतो आणि आपल्याला पत्ताही लागत नाही. 'द सिव्हिल वॉर' १९९०च्या सप्टेंबरमध्ये सलग पाच रात्री दाखवला गेला; सुमारे चार कोटी लोकांनी तो पाहिला असं सांगतात. त्याच्या शेवटाकडे गेटिसबर्गला भेटणारे दोन्ही बाजूंचे म्हातारे सैनिक दिसतात. हात हातात, डोळे ओले. एरिक फोनरसारख्या इतिहासकारांनी विचारलं : गुलामीतून सुटलेल्यांना मिळालेले हक्क पुढे हिरावले गेले, ते कुठे आहे? त्या काळाला मालिकेत फारच थोडी जागा आहे. इतिहासकार बार्बरा फील्ड्स हे बोलतात, पण कादंबरीकार शेल्बी फूट यांच्या गोड किश्श्यांपुढे त्यांचं बोलणं किती वेळ चालतं, हे आपण मोजून पाहावं.

'द व्हिएतनाम वॉर' (२०१७) तर दहा भाग, अठरा तासांचा. लेखक म्हणून नाव एकट्या वॉर्ड यांचं. सुरुवातीलाच निवेदक सांगतो की हे युद्ध सभ्य माणसांनी सद्हेतूने सुरू केलं, गैरसमजातून. ऐकायला किती समतोल! पण याच मालिकेत पुढे लिंडन जॉन्सन यांचे ध्वनिमुद्रित फोन ऐकू येतात. युद्धाबद्दल खाजगीत त्यांना शंका, तरी सैन्य वाढतंच आहे. १९६८च्या शांतता बोलण्यांत निक्सन यांच्या बाजूने खोडा घातला गेला, हेही मालिका दाखवते. म्हणजे पुरावा वॉर्ड यांनीच शोधून मांडलाय आणि पहिलं वाक्य त्या पुराव्यापुढे टिकत नाही. सद्हेतू हा शब्द मरणाऱ्यांच्या घरच्यांना सांगून बघा.

यात दिग्दर्शकांचा वाटा आहेच, मान्य. चार कोटी लोकांपर्यंत पोहोचायचं तर कुणाला दुखवून चालत नाही, हेही मान्य. पण वॉर्ड यांना कठोर होता येत नाही असं मुळीच नाही. त्यांचे पणजोबा फर्डिनंड वॉर्ड यांनी वॉल स्ट्रीटवर भागीदार असलेल्या माजी राष्ट्राध्यक्ष ग्रँट यांना १८८४ साली धुळीला मिळवलं. 'द सिव्हिल वॉर'मधले तेच ग्रँट. कर्जबाजारी ग्रँट मरणाच्या दारात आठवणी लिहीत बसले, ते या माणसामुळे. नातवंडाच्या मुलाने २०१२ साली त्यांच्यावर पुस्तक लिहिलं, त्यात सद्हेतू वगैरे काही नाही. लबाडी ती लबाडी, तारीखवार, पत्रांसकट. घरातल्या माणसाचा हिशेब इतका चोख मांडणाऱ्या लेखकाकडून व्हाइट हाउसमधल्या माणसांचा तसाच हिशेब आपण मागितला, तर त्यात गैर काय?

ज्यांनी अजून पाहिलं नसेल त्यांनी आधी जॉन्सनवरचा माहितीपट बघा, मग व्हिएतनाम. आणि व्हिएतनामचा पहिला भाग शेवटचा भाग संपल्यावर पुन्हा एकदा लावा.