दुसरा अर्ज

चैतन्य ताम्हाणे यांचा ‘कोर्ट’ हा २०१४ सालचा चित्रपट. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, त्यावर लिहूनही पुष्कळ झाले. गेल्या महिन्यात मी तो तिसऱ्यांदा पाहिला. आमचे मामा तालुक्याच्या कोर्टात फौजदारी वकील होते. त्यामुळे पडद्यावर वकील आला की माझी नजर त्याच्या चेहऱ्याआधी हातातल्या कागदाकडे जाते.

गाणे गाऊन एका गटारकामगाराला आत्महत्येस प्रवृत्त केले, असा शाहीर नारायण कांबळे यांच्यावर आळ. विनय व्होरा त्यांच्या जामिनासाठी उभा राहतो. विवेक गोंबर यांनी हा वकील किती शांत ठेवला आहे! टेबलावर मूठ आपटणे नाही, आवाजात कंप नाही. गीतांजली कुलकर्णी यांची सरकारी वकील तर वाण्याची यादी वाचावी तसे कायदे वाचते. हा संयम आपल्या पडद्यावरच्या कोर्टांना फारसा ठाऊक नव्हता.

तरी माझी एक तक्रार आहे. इथे लबाडी सारी एकाच बाजूची. तोच तो साक्षीदार पोलीस पुन्हा पुन्हा उभा करतात. व्होराला मात्र खोटे बोलण्याचा मोहच पडत नाही. दिग्दर्शक त्याच्या मागे दुकानात जातो, आईवडिलांच्या घरी जातो. पण खरे बोललो तर आपलाच अशील आत राहील, अशा पेचात त्याला कधी टाकत नाही. अशिलाची बाजूच खरी असल्यावर वकिलाला खरे बोलायला काय कष्ट?

असा पेच काही काल्पनिक नव्हे. ओडिशातले एक प्रकरण जानेवारी २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे आले होते. हायकोर्टाने जामीन नाकारला होता, त्याविरुद्धची दाद दिल्लीत पडून होती, आणि दिल्लीची गोष्ट न सांगता त्याच हायकोर्टातून दुसऱ्या अर्जावर जामीन मिळवलेला! न्यायालयाने १०,००० रुपये खर्च बसवला, आणि आधीचे अर्ज, त्यांवरचे हुकूम, कुठे काही पडून असल्यास तेही, जामिनाच्या अर्जात लिहिलेच पाहिजे असे बजावले.

मला आठवते ती वसुबारस. एक बाई आमच्या ओटीवर येऊन बसली होती. तिचा नवरा महिनाभर आत.

“साहेब, पहिला अर्ज फेटाळला हे कशापायी लिहिता? जज्जसाहेब तर नवे आलेत. पोरं वाट बघत्यात.”

“ती ओळ गाळली तर त्या कागदावर माझी सही नाही, बाई.”

मामी आतून चहा घेऊन आली, तोवर बाई उठून गेली होती. तिने दुसरा वकील केला आणि नवरा धनत्रयोदशीला सुटला. आमच्या दारावरून तो पोरांना घेऊन फटाके आणायला गेला. मामा पडवीत वर्तमानपत्र वाचत होते. ते पान त्यांनी बराच वेळ उलटले नाही. आम्हा मुलांना तर मामांचाच राग आला होता.

व्होराच्या दारात ती बाई यायला हवी होती. त्याने काय केले असते, हे गोंबर यांच्या चेहऱ्यावर पाहायला मला आवडले असते.